बजरंग मिस्त्रीचं माप

तेलगावात बजरंग मिस्त्रीकडं गेलात तर तो तुम्हाला नाव-गाव काही विचारणार नाही. तुमच्या हातातला जळका स्टार्टर घेईल, झाकण उघडेल, आतला बोर्ड उपसून पालथा करेल आणि मग म्हणेल, "हं, तुमी लिंबाच्या विहिरीवरले." माणसाचं तोंड त्याच्या ध्यानात राहत नाही. बोर्डाची खालची बाजू मात्र एकदा बघितली की जन्मभर राहते. बत्तीस वर्षं झाली त्याला या धंद्यात. आधी रेडिओ, मग टीव्ही, आणि आता विहिरीवरच्या मोटारींचे स्टार्टर.

त्याचा एक नियम होता आणि तो दुकानात येणाऱ्या प्रत्येकानं निदान शंभरदा ऐकलेला. "वरची बाजू गिऱ्हाइकाची, खालची मिस्त्रीची." वर रंगीबेरंगी सामान बसवलेलं असतं, ते बघून कुणीही माना डोलवावी. पण सामानाचे पाय खालून निघतात, कथलाचा डाग खालून दिलेला असतो, तांब्याच्या रेघा खालून धावतात. रोग तिथंच असतो. म्हणून बजरंगच्या वहीत जेवढी चित्रं, तेवढी सगळी खालून बघून काढलेली. कुठल्या डबीला किती पाय, कुठला पाय कशाचा. वहीवर 'खालून' असं त्यानं कधी लिहिलं नाही. अहो, ज्यानं जन्मात दुसऱ्या बाजूनं बघितलंच नाही, तो लिहील कशाला?

दहावीला गणितात आपटला होता गडी, पण हात असा की बघत राहावं. लग्नानंतरच्या पहिल्याच महिन्यात त्यानं बायकोची, संगीताची, नेलपॉलिशची बाटली पळवली. तांबं चढवलेल्या पट्टीवर नेलपॉलिशनं रेघा ओढल्या, पट्टी फेरिक क्लोराइडच्या पाण्यात बुडवली. उघडं तांबं पाण्यानं खाल्लं, रेघांखालचं तेवढं राहिलं, झाला बोर्ड तयार. संगीता आठवडाभर बोलली नाही. तो मात्र तो बोर्ड खिशात घालून गावभर हिंडला.

त्याला एकच लेक, ऋतुजा. तिची शाळा सुटली की दप्तर दुकानात आदळायची आणि बापाच्या शेजारी पोत्यावर बसायची. सातव्या वर्षी तिला डाग सोडवता यायचा. नवव्या वर्षी तिनं शाळेची बंद पडलेली घंटा चालू केली. पुढं आंबेजोगाईला डिप्लोमा झाला, संभाजीनगरला डिग्री झाली, आणि पुण्यातल्या एका कंपनीनं तिला कामावर घेतलं. शेतीच्या मोटारींचे नव्या तऱ्हेचे कंट्रोलर बनवणारी कंपनी. काम काय, तर कॉम्प्युटरवर बोर्ड काढायचे. पण सहा महिने पारखून बघणार, पटलं तर कायम करणार.

घरात यावरून रान पेटलं. बजरंगचा थोरला भाऊ बद्रीनाथ हा घरातला कर्ता, शेती त्याच्याकडं, शब्द त्याचा. त्यानं नांदूरघाटचं एक स्थळ आधीच हेरून ठेवलं होतं. "चोवीस वय झालं पोरीचं. अजून किती दिस तारा जोडीत बसनार?" असं तो म्हणाला. तेव्हा बजरंगनं, जो भावापुढं एरवी खाली मुंडी घालून उभा राहायचा त्या बजरंगनं, चार लोकांसमोर शब्द टाकला. "तात्या, सहा म्हैने द्या. पोरगी कायम झाली तर तीन वर्सं लग्नाचं नाव कुनी काढायचं न्हाई. न्हाई झाली तर तुमी म्हनाल तिथं, तुमी म्हनाल तवा." बद्रीनाथनं सुपारी कातरली आणि बरं म्हणाला.

ऋतुजाचं सगळं आयुष्य त्या सहा महिन्यांवर टांगलं गेलं, आणि ते टांगलं तिच्या बापानं, तिच्यावरल्या मायेपोटी.

दिवाळीला ती कंपनीचा लॅपटॉप घेऊन घरी आली. दुसऱ्या दिवशी दुकानात बापाच्या टेबलावर तिनं तो उघडला तेव्हा बजरंगनं आधी हात पुसले.

"हे बगा आप्पा. आधी नकाशा काढायचा, कुठला भाग कशाला जोडायचा तेवढाच. मंग बोर्डावर यायचं." तिनं बटण दाबलं. काळ्या पडद्यावर सगळं सामान विखरून पडलं आणि एका पायापासून दुसऱ्या पायापर्यंत बारीक बारीक धागे ताणले गेले. "हे धागे म्हंजे अजून जोडायचं राहिलंय. रेघ ओढली की धागा जातो."

तिनं एक रेघ ओढली. वाटेत दुसऱ्या चार रेघा होत्या, त्या आपोआप बाजूला सरकल्या. बजरंग खुर्चीतून उठलाच. "अगं आई! हे तर माजलगावच्या बाजारात फौजदार आल्यावानी झालं! समदे आपसूक बाजूला!"

त्यानं तिला ते दहादा करायला लावलं. मग तिनं पुढचं दाखवलं. मोटारीच्या मोठ्या दाबाची रेघ आणि लहान दाबाची रेघ यांच्यात किती अंतर हवं ते एकदा सांगून ठेवायचं, त्याच्या आत हात गेला की पडदा लाल होतो. तांब्याचे थर एकावर एक, हवा तो दिसू द्यायचा, नको तो झाकायचा. शेवटी तिनं एक बटण दाबलं आणि हिरवागार बोर्ड सामानासकट पडद्यावर उभा राहिला, गोल फिरू लागला. सामानाची सावलीसुद्धा पडलेली. बजरंगच्या डोळ्यांत पाणी आलं. नेलपॉलिशनं रेघा ओढणाऱ्या माणसाची लेक हे करते!

"अन् चुकलं तर सांगतं का हे?" त्यानं विचारलं.

"हो. सगळ्या चुकांची यादी देतं."

"समद्या?"

"आपन जे नियम घालून दिलेत, तेवढ्याच," ऋतुजा हसली. "आपल्याच डोक्यात काय उलटंसुलटं असलं तर त्याला काय कळनार?"

मग तिनं तिच्या मनातलं सांगितलं. कंपनीचा जुना बोर्ड बिघडला की शेतकऱ्याला तो पुण्याला पाठवावा लागायचा. महिनाभर पीक वाळायचं. ती म्हणाली, "मी असा बोर्ड काढनार हाय जो तेलगावात दुरुस्त होईल. तुमच्या पेटीतल्या सामानातनं." त्यासाठी तिनं रिले निवडला तो इकडचाच. रिले म्हणजे थोडा प्रवाह मिळाला की खट्‌ करून मोठा प्रवाह जोडणारी डबी. मराठवाड्यातला कुठलाही मिस्त्री ती बाळगून असतो, जुन्या स्टार्टरमध्ये तीच असते. पण ती बनवणारा कारखाना लहानसा, त्याच्या मालाच्या मापांचा ना कागद ना पत्र. सॉफ्टवेअरच्या साठ्यात जगातल्या लाखो डब्या तयार होत्या, ही एक सोडून. हिचे पाय कुठं येतात ते हातानं मोजून, हातानं काढून आत घालावं लागणार होतं. कंपनीतले टिळेकर सर आधी नको म्हणाले होते, मग ऋतुजाच्या हट्टापुढं तयार झाले.

संक्रांतीच्या आसपास तिचा फोन आला. "आप्पा, रिलेचं माप पाठवता का? माझ्याजवळचा नमुना टेस्टिंगवाल्यांनी जाळला."

बजरंगनं त्या दिवशी दुकान अर्धं बंद ठेवलं. बारीक माप घ्यायचं कॅलिपर काढलं, खोबरेल तेलाच्या बोटानं पुसलं. त्या डबीला सात पाय, एका बाजूला चार, दुसऱ्या बाजूला तीन, आणि त्या तिनातला कडेचा एक आत सरकलेला. त्यानं सात वेगवेगळे रिले मोजले, प्रत्येक तीनदा, आणि त्यातनं बरोब्बर मधलं माप धरलं. आलेखाच्या कागदावर शिसपेन्सिलीनं सातही पाय मांडले, शेजारी आकडे लिहिले. डबी हातात धरली, पालथी केली, पाय आपल्याकडं केले आणि जे दिसलं ते काढलं. बत्तीस वर्षं काढत आला तसंच. फोटो काढून लेकीला पाठवला.

"एक केसाचा फरक निगाला तर नाव सांगनार न्हाई," तो फोनवर म्हणाला.

"तुमचं माप चुकत न्हाई आप्पा," ती म्हणाली.

आता यात खोटं काही नव्हतं. माप चुकलं नव्हतंच. पण ऋतुजा कॉलेजपासून आता चार वर्षं पडद्यावर बोर्ड काढत होती, आणि पडद्यावर बोर्ड वरून बघतात. पोत्यावर बसून बापाचा नियम पाठ केलेली पोर तो नियम कधी विसरली तिचं तिलाही कळलं नाही. बापानं खालून काढलं, लेकीनं वरून समजून घेतलं. आरशात बघितल्यासारखे पाय उलटे बसले. परक्याकडून कागद आला असता तर तिनं दोनदा विचारलं असतं. बापलेकीत विचारायचं काय?

सॉफ्टवेअरनं तपासणी केली. अंतरं बरोबर, रेघा बरोबर, एकही धागा राहिलेला नाही. चुका शून्य. फिरणाऱ्या चित्रातही रिले छान बसलेला दिसला, कारण ते चित्रही त्याच कागदावरून काढलेलं. एरवी असे बोर्ड आधी चार-दोन नमुन्याला काढून बघतात. पण उन्हाळ्याचा हंगाम तोंडावर होता. टिळेकर सरांनी विचारलं, "रिलेच्या मापाची खात्री आहे?" ऋतुजा मान ताठ करून म्हणाली, "सर, माझ्या वडिलांनी घेतलंय." आणि सगळे बोर्ड एकदम छापायला गेले.

इकडं बजरंग जमिनीवर नव्हता. बसस्टँडजवळच्या हॉटेलात चहा पिताना तो ओळखीच्या-अनोळखीच्या कुणालाही धरायचा. "पुन्याचा बोर्ड निगायलाय. डोकं पोरीचं, माप माझं." लोक चिडवायचे, "मंग आमचे स्टार्टर आता कोन बगनार बे बजरंग, तू तर इंजिनेर झालास!" तो खुशीत हसायचा.

होळीच्या आदल्या दिवशी ऋतुजा दोन बॅगा घेऊन दारात उभी राहिली. तोंड सुकलेलं.

"कंपनीनं माणसं कमी केली," ती म्हणाली.

बजरंग खवळला, कंपनीला शिव्या घातल्या, टिळेकरला घातल्या. मग एकाएकी त्याला शंका आली. "तो बोर्ड? त्याचं काय झालं?"

ऋतुजा खाली बघत म्हणाली, "तो चुकला. टाकून द्यावा लागला."

"चुकला कसा? माझं माप बराबर होतं ना?"

"माप बराबर होतं, आप्पा."

"मंग?"

"माझंच चुकलं."

बस्स. एवढं एक वाक्य त्या माणसानं उचललं आणि डोक्यावर घेतलं. संगीता म्हणत होती, पोरीला आधी पाणी तरी पिऊ द्या, पण ऐकतो कोण! त्याची चार लोकांतली इज्जत गेली होती ना. भावापुढं टाकलेला शब्द पडला होता ना. तो लेकीला म्हणाला, "मी सात रिले मोजले, एकवीस बार कॅलिपर लावलं, अन् तुज्यानं नीट बगनं झालं न्हाई? कशापायी शिकवलं तुला?" ऋतुजानं मान वर केली नाही. आईनं पुढं केलेला तांब्या तिनं घेतला आणि आत गेली.

त्यावरही त्याचं भागलं नाही. हॉटेलात लोकांनी विचारलं तर तो सांगू लागला, "पोरगी हुशार हाय, पन हात घाईचा. मी काय कमी समजावलं का तिला?" एकदा तो हे सांगत असताना ऋतुजा शेजारच्या किराणा दुकानात साखर घेत उभी होती. तिनं पुडा उचलला, ओढणी सारखी केली आणि निघून गेली. बजरंगनं तिला बघितलं होतं. बघूनही त्यानं वाक्य पुरं केलं.

बद्रीनाथनं आता वेळ घालवला नाही. नांदूरघाटची मंडळी आठ दिवसांत आली. मुलगा हरिओम, घरचं दूध संकलन केंद्र, स्वभावानं गरीब. ऋतुजाला विचारलं तर ती म्हणाली, "तुमी ठरवा." अक्षय तृतीयेची तारीख धरली, सुपारी फुटली.

पाडवा होऊन चार दिवस झाले असतील. बजरंग दुकानात एकटाच होता, करंट नव्हता, हात मोकळे होते. फोन वाजला. ऋतुजाचा नंबर कंपनीचा होता, तो तिनं परत केला होता. कागदावर घरचा म्हणून बापाचाच नंबर दिलेला.

"काका, मी टिळेकर बोलतोय. ऋतुजाला परत पाठवता का? तो बोर्ड आम्ही नव्यानं काढतोय. चूक मोठी नव्हती हो, अशी कुणाकडूनही होते. तिच्यासारखा हात आमच्याकडं दुसरा नाही. तिला म्हणावं, ये."

बजरंग खुर्चीतून उभा राहिला. एक क्षण, खोटं कशाला बोला, एक क्षण त्याला वाटलं की दुकान उघडं टाकून घराकडं पळत सुटावं. मग डोळ्यांपुढं बद्रीनाथ आला, फुटलेली सुपारी आली, हॉटेलातली तोंडं आली. आणि त्याच्या अंगातला दुखावलेला मिस्त्री बोलला.

"आमच्या पोरीला तुमचं काम जमत न्हाई. तिचं लगीन ठरलंय. परत फोन करू नका." त्यानं फोन ठेवला आणि आलेला नंबर पुसून टाकला.

हे त्यानं ऋतुजाला सांगितलं नाही. संगीतालाही नाही. मनाशी म्हणाला, ठरलेलं लगीन मोडून पोरीची उगाच बदनामी कशाला, मी तिच्या भल्याचंच केलं. माणूस स्वतःला काय काय सांगू शकतो बघा.

लग्न झालं. ऋतुजा सासरी गेली. निघताना ती आईच्या गळ्यात पडून रडली, बापाच्या पायाला हात लावला आणि गाडीत बसली.

श्रावणात नांदूरघाटहून निरोप आला की कुठल्याशा कागदासाठी सुनबाईचा शाळा सोडल्याचा दाखला पाहिजे. संगीतानं माळ्यावरची लेकीची पेटी काढली. दाखला शोधताना ओढणीत गुंडाळलेलं काहीतरी लागलं. उघडलं तर हिरवा बोर्ड. कोरा, सामान न बसवलेला.

बजरंगला आनंदच झाला म्हणायचा. लेकीचा बोर्ड! चुकलेला का असेना, पण तिच्या हातचा. लग्न झाल्यापासून त्याला तिची आठवण यायची आणि कुणाला सांगता यायची नाही. तो बोर्ड घेऊन दुकानात गेला. म्हणाला, बघू तरी आपला रिले कसा दिसतो. पेटीतून रिले काढला, सात छिद्रांवर टेकवला.

बसेना.

फिरवून टेकवला, बसेना. आडवा धरला, तरी बसेना. छिद्रं मोजली, सात होती. कॅलिपर लावलं, अंतरं केसाला केस त्याचीच होती. मग त्याच्या हातानं, डोक्याला न विचारता, ते केलं जे तो बत्तीस वर्षं करत आला होता. बोर्ड पालथा केला आणि रिले खालच्या बाजूनं लावला. सातही पाय टपकन आत गेले.

बजरंग तसाच बसून राहिला. दुकानात एक गिऱ्हाईक आलं, त्यानं दोन हाका मारल्या आणि ते निघून गेलं. समजायला काही उरलं नव्हतं. बोर्ड त्याच्याच कागदानं फुकट घालवला होता. लेकीनं बोर्ड हातात आला त्याच दिवशी हे बघितलं असणार, ती काय लहान होती? आणि दारात उभी राहून, सुकल्या तोंडानं, ती म्हणाली होती, माझंच चुकलं. त्यावर तो तिला काय काय बोलला होता! तो ढसाढसा रडला. पन्नाशी उलटलेला माणूस दुकानाचं शटर खाली ओढून आत एकटा रडला.

दुसऱ्या दिवशी धारूरमार्गे केज, केजहून जीप, असं करत तो नांदूरघाटला पोचला. पिशवीत दाखला होता आणि बोर्ड होता. ऋतुजाची सासू छबुबाई मोकळ्या मनाची बाई. तिनं व्याह्याला बाजेवर बसवलं, चहा दिला, सुनेचं कौतुक केलं. "लई गुनाची हाय तुमची लेक. आमचा मिक्सर दुरुस्त केला तिनं. आता गल्लीतल्या समद्या बाया मिक्सर घेऊन येत्यात." बजरंगनं कप खाली ठेवला. ओसरीच्या कोपऱ्यात उघडे पडलेले दोन मिक्सर आणि एक इस्त्री त्याला दिसत होती.

तो ताकाला जाऊन भांडं लपवत बसला. पाऊसपाणी बोलला, कापसाचं बोलला. अखेर छबुबाई भाकरी टाकायला आत गेली आणि ओसरीवर बापलेकच उरली. तेव्हा त्यानं पिशवीतून बोर्ड काढून बाजेवर ठेवला.

"ऋतू, खालून काढलतं मी."

ऋतुजानं बोर्डाकडं बघितलं. "माहीत हाय आप्पा."

"मंग कावून बोलली न्हाईस गं? मी एवढं बोललो तुला. लोकांत बोललो."

"सरांनी मला तसंच विचारलं होतं. वडिलांनी उलटं काढलं का, म्हनले. मी सांगितलं, न्हाई, त्यांनी खालून हाय म्हनून सांगितलं होतं, मीच विसरले." ती जराशी हसली. "तुमी बोललात तर बोललात. बाप हाय. तुमचं माप चुकलं असं कुनी म्हनलेलं मला सोसलं नसतं. अन् बगायला मी पन पायजे होतं ना? तुमी खालूनच काढता, हे मला ठाऊक नसंल तर कुनाला?"

बजरंग तिच्याकडं सरकला. त्यानं तिच्या डोक्यावर हात ठेवला. पाच-सहा महिन्यांत ठेवला नव्हता. ती बारकी असताना बसायची तशी बाजेच्या खाली, त्याच्या पायाशी बसली, आणि त्याला वाटलं की झालं, मिटलं, लेकीनं माफ केलं.

"एकच वाईट वाटतं, आप्पा," ती म्हणाली. "सर म्हनले होते, कंपनीच्या मालकाचा राग शांत होऊ दे, मी तुला परत बोलावतो. खरं बोलनारा मानूस. मी रोज तुमच्या फोनकडं बगायचे. तुमी जेवायला बसलात की घेऊन बगायचे, काही आलंय का. हळद लागली त्या दिवशी पन बगितला. एकदा तरी करायचा ना त्यांनी."

जगात ही गोष्ट दोन माणसांना ठाऊक होती. त्यातलं एक पुण्यात होतं, आणि ते सांगायला येणार नव्हतं. बजरंग गप्प राहिला असता तर लेक तशीच त्याच्या पायाशी बसून राहिली असती. हे त्याला पुरतं कळत होतं.

"आलता," तो म्हणाला.

"काय?"

"फोन. पाडवा झाल्यावर."

ऋतुजानं मान वळवून त्याच्याकडं बघितलं. "तवा तारीख धरली होती?"

"धरली होती. हळदीला टाइम होता."

"काय म्हनले?"

"म्हनले, तिच्यासारखा हात आमच्याकडं दुसरा न्हाई. तिला म्हनावं, ये."

ती ओठ न हलवता ते शब्द मनात म्हणत होती, बजरंगला दिसत होतं. मग तिनं विचारलं, "अन् तुमी काय म्हनलात?"

त्याला वाटलं काहीतरी मऊ सांगावं. पण तेवढं खोटं बोलायची आता त्याच्यात ताकद नव्हती. "म्हनलो, आमच्या पोरीला तुमचं काम जमत न्हाई."

आतून छबुबाईची हाक आली, "सुनबाई, ताट घे गं पावन्यांना!"

ऋतुजा उठली. पदराची धूळ झटकली. आत गेली, ताट घेऊन आली, पाण्याचा तांब्या ठेवला. भाकरी, पिठलं, ठेचा, सगळं नीट वाढलं. बजरंग भाकरीचे तुकडे मोडून ताटातच ठेवत होता. ती भिंतीला टेकून, पदर सावरून, ताटाकडं बघत उभी होती.

"अजून वाढू का?" तिनं विचारलं. दारात आलेल्या कुठल्याही पाहुण्याला विचारतात तसं.

बजरंगला नको म्हणवेना. त्यानं ताट पुढं केलं.